ऑर्फियसचा दहा मिनिटांचा मूकपट: कथेच्या निवडीपासून पडद्यापर्यंत

ग्रीक पुराणकथेवर मूकपट करायचा तर अर्धं काम कथा निवडतानाच होतं किंवा बिघडतं. ओडिसियस आणि एकाक्ष राक्षस पॉलिफेमस यांची गोष्ट बघायला थरारक आहे, पण तिचा कळीचा डाव शब्दांवर चालतो. ओडिसियस आपलं नाव ‘कुणीही नाही’ असं सांगतो, त्यामुळे राक्षसाने मदतीसाठी मारलेल्या हाकेचा भलताच अर्थ निघतो आणि कुणी धावून येत नाही. हे पडद्यावर कळायला टायटलांची, म्हणजे मधे येणाऱ्या मजकुराच्या पाट्यांची, रांग लागते. एको या अप्सरेची गोष्ट तर सगळी आवाजाचीच. मिडासचा स्पर्श, पिग्मॅलियनचा जिवंत होणारा पुतळा, ढालीतलं प्रतिबिंब पाहत मेदुसाला मारणारा पर्सियस या मात्र डोळ्यांनी कळणाऱ्या कथा. जॉर्ज मेलिएसने १८९८ मध्येच पिग्मॅलियनची कथा पडद्यावर आणली होती.

ऑर्फियस हा गायक, म्हणून तो मूकपटाला गैरसोयीचा वाटतो. प्रत्यक्षात त्याच्याइतका योग्य नायक दुसरा नाही. सर्पदंशाने मेलेल्या युरिडिसीला परत आणायला तो पाताळात जातो, आपल्या गाण्याने पाताळाचे राजा-राणी हेडीस आणि पर्सेफोनी यांना द्रवायला लावतो. वर पोचेपर्यंत मागे वळून पाहायचं नाही, एवढ्या एका अटीवर ती त्याला मिळते. तो वळतो आणि ती कायमची जाते. कथेचा सगळा भार एका नजरेवर आहे. रोमन कवी ओव्हिडने ती परतीची वाट निःशब्द, उभ्या चढणीची, अंधारी, दाट धुक्याची सांगितली आहे. त्या वाटेवर ऑर्फियसला मागे कुणी आहे की नाही ते कळत नाही, आणि मूकपटाच्या प्रेक्षकालाही पावलं ऐकू येत नाहीत. दोघांची अवस्था एकच होते. बोलपटाला हे साधायला आवाज मुद्दाम काढून टाकावा लागेल. पुढची सगळी कामं ही एक गोष्ट जपण्यासाठी आहेत.

पटकथा आणि टायटलं

कथेचे दोन जुने लॅटिन पाठ हाताशी ठेवा: व्हर्जिलच्या ‘जॉर्जिक्स’चा चौथा खंड आणि ओव्हिडच्या ‘मेटामॉर्फोसेस’चे दहावा व अकरावा खंड. व्हर्जिलमध्ये अरिस्टियस नावाचा मधमाशीपालक युरिडिसीच्या मागे लागतो आणि पळताना तिला साप चावतो; ओव्हिडमध्ये ती मैत्रिणींबरोबर गवतातून चालत असते. दहा मिनिटांच्या पटात ओव्हिडचा पाठ घ्यावा, एक पात्र आणि एक पाठलाग वाचतो. शिवाय त्याच्याकडे दृश्यं तयार आहेत. ऑर्फियस गातो तेव्हा पाताळात कायमची शिक्षा भोगणाऱ्यांची शिक्षाही थांबते: इक्सिऑनचं चाक थांबतं, टँटॅलस पाण्याकडे झेपावायचा थांबतो, सिसिफस आपल्याच धोंड्यावर बसतो, सूडदेवतांच्या गालांवर पाणी येतं. संगीत दाखवायचं ते असं, थांबलेल्या वस्तूंमधून. वीणा छेडणारी बोटं जवळून दाखवत राहिलात तर प्रेक्षक आवाज शोधू लागतो.

शेवट कुठे करायचा हे आधी ठरवा. मेनॅड बायका (मद्यदेवाच्या बेभान भक्त) ऑर्फियसला फाडतात आणि त्याचं शिर हेब्रस नदीतून वाहत जातं, इथपर्यंत गेलात तर आणखी पाच मिनिटं आणि वीसेक माणसं लागतील. पाताळाच्या नदीवरचा नावाडी कॅरॉन त्याला दुसऱ्यांदा पलीकडे न्यायला नकार देतो आणि तो सात दिवस काठावर उपाशी बसून राहतो, तिथेच थांबावं.

दादासाहेब फाळक्यांच्या १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’ला हिंदी आणि इंग्रजी टायटलं होती, पण हरिश्चंद्र कोण आणि विश्वामित्र का रागावला हे प्रेक्षकाला घरूनच ठाऊक होतं. ऑर्फियस मराठी प्रेक्षकाला तसा ठाऊक नाही. म्हणून पहिल्या दोन टायटलांत नावं, नातं आणि स्थळ (थ्रेस) स्पष्ट द्या आणि अटीचं टायटल वेगळं, एकटंच ठेवा. एकूण १२ ते १४ टायटलं पुरतात. त्याहून जास्त लागत असतील तर दृश्यात काहीतरी कमी आहे.

एका टायटलात जास्तीत जास्त १२ शब्द. पडद्यावरचा वेळ ठरवायला मजकूर सावकाश, मोठ्याने दीड वेळा वाचा. पाच शब्दांना चार सेकंद, बारा शब्दांना सात ते आठ सेकंद येतात. देवनागरीत दोन ओळींमधलं अंतर अक्षराच्या आकाराच्या दीडपट तरी हवं, नाहीतर वरच्या ओळीचे उकार खालच्या ओळीच्या वेलांट्यांत अडकतात. अक्षराची उंची पडद्याच्या उंचीच्या चौदाव्या भागापेक्षा कमी नको. शुद्ध पांढरं अक्षर काळ्यावर झगझगतं, किंचित राखाडी घ्या. संवादाचं टायटल लावताना क्रम असा: ओठ हलू लागतात, टायटल येतं, परत येतो तेव्हा ओठ मिटत असतात. पूर्ण वाक्य बोलून झाल्यावर टायटल आलं तर ते शिळं वाटतं. नटांना खरी मराठी वाक्यं बोलायला लावा. तोंडं नुसती हलवली की ते लगेच दिसतं.

वेग आणि चौकट

हाताने फिरवायच्या कॅमेऱ्याचा जुना हिशेब सेकंदाला दोन फेरे, फेऱ्याला आठ फ्रेम, म्हणजे सेकंदाला १६ फ्रेम. ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम बसतात. त्यामुळे १००० फुटांचं रीळ १६ च्या वेगाने जवळपास पावणेसतरा मिनिटं चालतं आणि २४ च्या वेगाने अकरा मिनिटांत संपतं. मूकपटातली माणसं तुरुतुरु धावताना दिसतात ती १६ ने घेतलेली फिल्म २४ ने दाखवल्यामुळे. मुळात ती तशी चालत नव्हती. शोकांतिकेला ही धावपळ मारक आहे, तेव्हा ‘जुनं वाटावं’ म्हणून वेग वाढवू नका.

मोबाइलच्या ॲपमध्ये १८ चा वेग मिळत असेल तर १८ वर घ्या आणि संकलनात दर तिसरी फ्रेम दुहेरी करून २४ च्या टाइमलाइनवर बसवा. हालचाल स्वाभाविक वेगाची राहते, फक्त जुन्या पटासारखी किंचित खडबडीत होते. ॲप १८ देत नसेल तर सरळ २४. विजेच्या दिव्यात शटर १/५० ठेवा. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे १/५० सेकंदात तिचं एक पूर्ण आवर्तन येतं आणि दिव्याची फडफड दिसत नाही. १/३६ किंवा १/६० ठेवलं तर स्वस्त एलईडीखाली आडवे पट्टे सरकताना दिसतील, आणि ते नंतर निघत नाहीत.

चौकट ४:३, म्हणजे १४४० × १०८०. मोबाइल १६:९ मध्ये घेतो, म्हणून स्क्रीनच्या दोन्ही बाजूंना काळी टेप लावून चित्र त्यातच जुळवा. नंतर कापू म्हटलं की कडेचं पात्र कापलं जातं. ट्रायपॉड मजबूत हवा. युक्तीच्या प्रत्येक शॉटमध्ये कॅमेरा केसभरही हलता कामा नये, म्हणून त्याच्या पायांवर वाळूच्या पिशव्या ठेवा.

कपडे, वीणा, धोंडा

ग्रीक वेश शिवलेला नसतो. कापडाचे आयत खांद्यावर अडकवून कमरेला बांधायचे. युरिडिसीच्या पेप्लोससाठी (बायकांचा लांब वेश) ४४ इंच पन्ह्याचा मांजरपाट चार मीटर घ्या, दोन-दोन मीटरचे तुकडे करून उभ्या कडांनी जोडा. साधारण सव्वादोन मीटर घेराची नळी होते. वरचे ४५ सेंटिमीटर बाहेर दुमडा, दोन्ही खांद्यांवर आतून टाका घाला, वरून पितळी बटण लावा. कमरेला दोरी बांधून कापड थोडं वर ओढून घ्या, म्हणजे घडी पडते आणि पायात येत नाही. पुरुषाच्या गुडघ्यापर्यंतच्या खिटॉनला अडीच मीटर पुरतं. चार मीटर म्हणजे जास्त होईल असं वाटून कापड कमी केलं की पेप्लोसचा गाउन होतो. ग्रीक शिल्पातलं सौंदर्य सगळं चुण्यांत आहे.

कोरा मांजरपाट धुवून खळ काढा, नाहीतर तो पुठ्ठ्यासारखा उभा राहतो. पांढरं कापड उन्हात जळून सपाट दिसतं, सगळ्या चुण्या नाहीशा होतात. म्हणून ते कडक चहाच्या पाण्यात अर्धा तास बुडवून मळकट करा. खालच्या टोकांत छोटी वजनं शिवली की वाऱ्यात घोळ उडत नाही.

वीणेच्या तुंब्यासाठी खरं कासवाचं कवच मिळालं तरी वापरायचं नाही. वन्यजीव संरक्षण कायद्याने ते निषिद्ध आहे. सतारीला वापरतात तसला सुका भोपळा अर्धा कापून घ्या, व्यास २५ ते ३० सेंटिमीटर. दोन वाकड्या फांद्यांचे ४५ सेंटिमीटरचे बाहू, वर ३५ सेंटिमीटरची आडवी काठी, सात तारा. तारांना तंगूस लावू नका, ती कॅमेऱ्याला दिसतच नाही आणि नट हवेत बोटं फिरवतोय असं वाटतं. मेण चोळलेला जाड सुती दोरा स्वच्छ दिसतो. वीणा डाव्या हातावर पट्ट्याने अडकवायची, उजव्या हातात दोरीने बांधलेली नखी.

सिसिफसचा धोंडा बांबूच्या कामट्या, कोंबड्यांची जाळी आणि कागदाच्या लगद्याचा करा, व्यास ९० सेंटिमीटर. तो हलका होतो आणि नट वजनाचं नाटक करू लागतो. आत वीसेक किलो वाळूची पिशवी घट्ट बांधा, नाटक आपोआप थांबतं.

रंग आधी तपासा

१९२० च्या दशकाच्या मध्यापर्यंत बहुतेक फिल्मला लाल रंग दिसतच नसे. निळं आकाश पांढरं, लाल ओठ काळे. हा गुण संकलनात कृष्णधवल करताना आणता येतो: लाल ०, हिरवा ४५, निळा ५५. पण सावळ्या-गव्हाळ त्वचेतून लाल रंग जास्त परावर्तित होतो आणि लाल पूर्ण काढला तर चेहरे काजळीसारखे होतात, डोळे हरवतात. लाल १५ ते २० ठेवा, बाकीचे तेवढे कमी करा, आणि चेहऱ्यावर थर्माकोलने एक स्टॉप जास्त, म्हणजे दुप्पट, उजेड टाका. चेहरे पांढरे रंगवणं टाळा, मान आणि हात वेगळे दिसतात. लिपस्टिक लावायचीच तर तपकिरी छटेची. दंशाच्या जखमेला कुंकू उत्तम, काळं उमटतं.

चित्रणाआधी कपडे, कुंकू, चेहरा, दगड, गवत एका चौकटीत ठेवून दहा सेकंद घ्या आणि हीच रंगांची मिसळ लावून बघा. पुढचे सगळे निर्णय त्यावर घ्या.

पाताळ कुठे मिळेल याचं उत्तरही इथेच आहे. कोकणातली जांभ्याची सोडून दिलेली चिरेखाण या मिसळीत विलक्षण दिसते. तांबडा जांभा जवळजवळ काळा होतो, भिंतींवरच्या कापाच्या आडव्या रेघा उजळ राहतात, आणि चिरे काढताना राहिलेल्या पायऱ्या तयार चढण देतात. मालकाची लेखी परवानगी घ्या. पावसानंतर खाणीत पाणी किती उरतं ते आधी पाहून या, आणि वरच्या कडेला कुणालाही उभं करू नका, कड ढासळते. थ्रेससाठी मात्र काळा कातळ टाळा. फेब्रुवारीतलं वाळलेलं गवत आणि एक-दोन झाडं पुरेत.

साप दाखवू नका. सापाला पकडणं बेकायदा आहेच, आणि कथेलाही त्याची गरज नाही. गवताच्या मुळाशी दोरा बांधून चौकटीबाहेरून ओढा: आधी हलणारं गवत, मग थांबलेलं पाऊल, मग चेहरा.

चढण

ओव्हिडची युरिडिसी पाताळात भेटते तेव्हा जखमेमुळे हळू चालत येते. हा तपशील पटाचा कणा करा. पाताळात ती प्रथम दिसते ती फक्त पावलं: एक टेकलेलं, एक ओढलेलं. नंतर चेहरा. त्यामुळे चढणीवर ऑर्फियस मध्येच पावलं आवरतो तेव्हा तो का थांबला हे प्रेक्षकाला टायटलाशिवाय कळतं.

अटीच्या टायटलानंतर ऑर्फियस वळेपर्यंत युरिडिसी एकदाही दाखवायची नाही. इथेच सगळ्यांचा हात चळतो. बिचारी मागून येतेय हे दाखवायचा मोह होतो, आणि एकदा दाखवलं की प्रेक्षकाची शंका संपते, ऑर्फियस नुसता उतावळा ठरतो. चढणीचा भाग ७० ते ८० सेकंदांचा ठेवा, सगळे शॉट त्याच्या समोरून, मागे काळोख. तो तीनदा वळायला निघतो. पहिल्यांदा मान एवढीशी फिरते आणि परत जाते. दुसऱ्यांदा तो डोळे मिटून हात मागे करतो, काही अंतरावर थांबवतो. तिसऱ्यांदा वळतो.

वळण्याची जागा म्हणजे उजेडाची रेघ. फेब्रुवारीत दुपारी साडेतीनच्या सुमारास कोकणात सूर्य साधारण ४० अंशांवर असतो आणि सहा मीटर भिंतीची सावली सात मीटरपर्यंत पडते. ही कड मिनिटाला पाच-सहा सेंटिमीटर सरकते, म्हणजे वीस मिनिटांत मीटरभर. तेव्हा या प्रसंगाची तालीम आदल्या दिवशी त्याच वेळी करा, जमिनीवर खडूने खुणा करा आणि रेघ चौकटीत दिसणारे शॉट आधी उरका. जवळचे चेहरे नंतर घेता येतात.

शॉटांचा क्रम आणि वेळ: ऑर्फियसचा चेहरा, वरून उजेड वाढतो (६ सेकंद). त्याची पावलं रेघ ओलांडतात (३). चेहरा उन्हात, तो हसतो आणि वळतो (४). युरिडिसी, अख्खी, रेघेच्या दोन पायऱ्या खाली, अजून सावलीत (२). त्याचे डोळे (दीड). मृतांना पाताळात नेणाऱ्या हर्मीस देवाचा हात तिचं मनगट धरतो (३). ती मागे जाते (७). त्याचे हात रिकाम्या हवेत (५). एकही टायटल नाही. ‘हाय! हे काय केलंस!’ असलं काही घातलंत तर एवढ्या मेहनतीवर पाणी पडेल.

हर्मीसच्या हातासाठी नेपल्सच्या पुरातत्त्व संग्रहालयातलं संगमरवरी शिल्प पाहा. डावीकडे हर्मीस, मध्ये युरिडिसी, उजवीकडे ऑर्फियस. हर्मीसने तिला किती हळुवार धरलंय ते बघण्यासारखं आहे. ओढाताण नाही, आणि म्हणूनच सुटका नाही. नटाला हेच सांगा.

ती मागे जाते तो शॉट उलटा घ्यायचा. नटी सावलीच्या खोल भागातून कॅमेऱ्याकडे हळू चालत येते आणि संकलनात शॉट उलट्या दिशेने चालवायचा. समोर बघतच ती काळोखात ओढली जाते. अभिनयही उलट्या क्रमाने हवा: सुरुवात कोऱ्या चेहऱ्याने आणि खाली सोडलेल्या हातांनी, शेवट ओळखीच्या नजरेने आणि पुढे केलेल्या हातांनी. चौकट गुडघ्यांच्या वर ठेवा, पावलं दिसली की युक्ती उघडी पडते. धूर या शॉटमध्ये नको, तो धुपाटण्यात परत शिरताना दिसतो. चार-पाच टेक घ्या, कारण उलटं काय चांगलं दिसेल ते जागेवर कळत नाही.

पाताळातल्या इतर छायांसाठी दुहेरी चित्र: रिकामी चिरेखाण एकदा घ्या, मग काळ्या कापडासमोर माणसं, आणि दुसरं चित्र संकलनाच्या ॲपमधल्या स्क्रीन मोडने (यात काळा भाग पारदर्शक होतो) ५० टक्क्यांवर त्यावर ठेवा. माणूस कापडापासून अडीच मीटर पुढे आणि उजेड बाजूने हवा. कापडावर उजेड सांडला तर सगळं चित्र धुरकट होतं. दोन्ही वेळा कॅमेऱ्याची उंची आणि कोन तोच ठेवा, नाहीतर छाया जमिनीवर टेकत नाहीत.

इक्सिऑनचं चाक थांबतं तिथे फ्रीझ फ्रेम वापरू नका. बैलगाडीचं जुनं चाक खरंच थांबवा आणि मागे लोबानाचा धूर चालू ठेवा. धूर हलत असतो म्हणून चाकाचं थांबणं दिसतं.

रंगछटा आणि साथ

मूकपट बहुधा रंगवलेले असत: रात्र निळी, दिवा किंवा ऊन पिवळसर, आग लाल. थ्रेसला फिका अंबर, पाताळाला निळा, मल्टिप्लाय मोडने, ३० टक्क्यांच्या आत. उजेडाची रेघ ओलांडल्यावर अंबर परत येऊ द्या. तिच्याकडे पाहिलेला शॉट मात्र निळाच. ओरखडे, धूळ, थरथर यांचे तयार फिल्टर लावू नका. तेव्हाच्या प्रेक्षकाने पहिल्या दिवशी स्वच्छ प्रत पाहिली होती.

साथ प्रत्यक्ष वाजवायची असेल तर दोन वादक पुरे: सारंगी किंवा व्हायोलिन, आणि हार्मोनियम. पडद्यावर वीणा असताना छेडायचं वाद्य नको, बोटं आणि ठोका कधीच जुळत नाहीत. गजाचं वाद्य लांब स्वर धरतं, म्हणून चालून जातं. अटीच्या टायटलानंतर दोघांनीही हात खाली ठेवायचे आणि युरिडिसी काळोखात दिसेनाशी होईपर्यंत एकही स्वर लावायचा नाही. तालमीत ही दीड मिनिटं वादकांना फार लांब वाटतात आणि कुणीतरी हळूच षड्ज धरतो. त्यांच्या कागदावर तिथे टायटलाचा क्रमांक आणि ‘थांबा’ एवढंच लिहा, सुरू करण्याची खूण म्हणून ‘रिकामे हात’ लिहा. सभागृहातले पंखे त्या वेळेपुरते बंद करता आले तर करा, त्यांची घरघर या दीड मिनिटातच पहिल्यांदा ऐकू येते.

शेवटी दोन प्रती काढा: एक टायटलांसह, दुसरी टायटलांच्या जागी तेवढ्याच सेकंदांचा काळा पडदा ठेवून. कन्नड, कोकणी किंवा इंग्रजी टायटलं घालायची वेळ आली तर दुसऱ्या प्रतीवर काम होतं आणि संगीताची वेळ बिघडत नाही.